बत्ती लावायला तोंड कशाला

“बत्ती लावाले तोंड कायले लागते?” आमचे स्केटिंगचे सर म्हणाले आणि स्वतःच हसले.

मिलच्या धाकट्या शेठजींनी त्यांना विचारलं होतं, “गुरुजी, ये लडकी कुछ बोलती क्यूँ नहीं? कब से चाय पूछ रहा हूँ, सिर्फ गर्दन हिलाती है.” त्यावरचं हे उत्तर. दोघं पोत्यांच्या पलीकडे उभे होते. मी अलीकडे, हॉकीच्या गोलच्या जाळीमागे, प्लॅस्टिकच्या खुर्चीवर. बाजूच्या स्टुलावर लाकडी पट्टीला ठोकलेलं घंटीचं बटण, त्यातून निघालेली वायर वर बांबूवरच्या लाल बल्बपर्यंत गेलेली. भुशानं भरलेल्या पोत्यांमधून सगळं ऐकू येतं, हे मोठ्या माणसांच्या लक्षात येत नाही. किंवा जी बोलत नाही तिला ऐकूही येत नसावं, असं त्यांना वाटत असेल.

मी बटणाकडे पाहत राहिले. सरांचं बोलणं लागलं, कारण ते सरांचं होतं. शेठजींचं असतं तर लागलं नसतं.

आमच्या गोंदियात बर्फ भेटतो तो गोळ्याच्या गाडीवर, नाही तर मासळीच्या टोपलीत. तरी आम्ही आइस हॉकी खेळतो, चाकांवर. एका रांगेत चाकं असलेले स्केट्स, हातात लांब काठी आणि चेंडूऐवजी जाड प्लॅस्टिकची चकती. टीव्हीवर तिला पक म्हणतात, आम्ही चकतीच म्हणतो. नियम जवळजवळ बर्फावरचेच. मैदान म्हणजे एका राईस मिलचं पटांगण. उकडलेलं धान वाळवायला तिथं सिमेंट घोटून आरशासारखं केलेलं आहे. मिलमध्ये ड्रायर आल्यापासून अर्धं पटांगण मोकळं असतं. त्या अर्ध्यात आम्ही, उरलेल्या अर्ध्यात धान आणि त्यावर पाय ओढत चालणाऱ्या बाया. बर्फावर खेळणाऱ्यांना कडेला फळ्यांची भिंत लागते. आमच्याकडे भुशाची पोती. चकती त्यांच्यावर आदळली की आवाज येत नाही, नुसता बारीक कोंडा उडतो आणि खेळणारे शिंकतात.

पटांगण वापरू देताना मोठ्या शेठजींनी एकच अट घातली होती: फरशीवर रंग लावायचा नाही. रंगाचे पोपडे धानात गेले तर तांदूळ परत येतो. अट रास्त होती. म्हणून आमच्या सगळ्या रेषा चुन्याच्या. मधली रेषा चुन्याची, गोलरेषा चुन्याची. सामना सुरू व्हायच्या आधी सर बादलीत चुना कालवायचे आणि फडक्यानं रेषा ओढायचे. जगात कुठे आइस हॉकीच्या रेषा पुसल्या जात असतील असं मला वाटत नाही. आमच्या पुसल्या जायच्या. त्यावर कोणी फार विचार केला नव्हता.

सर स्केटिंगचे राजा आहेत. उलटं पळताना त्यांच्या खांद्यावर पाण्याचा ग्लास ठेवला तरी सांडणार नाही. पण नियमांचं पुस्तक इंग्रजीत होतं. त्यांनी त्याची प्रिंट काढली आणि माझ्यासमोर टाकली. “तू इंग्लिश मीडियमवाली हाय. वाच आन् पोरायले सांग.” मी तेव्हा खेळणं सोडलेलं होतं, नुसती पोत्यांवर बसून पाहायला यायची. मी वाचलं. पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचलं, मग पोरांसमोर उभं राहून हिंदी-मराठीत सांगितलं. चारचौघांत बोलताना माझा गळा बसतो, पण त्या दिवशी बसला नाही. शब्द माझे नव्हते, पुस्तकाचे होते, म्हणून असेल.

पुस्तकात गोल म्हणजे काय यावर इतकं लिहिलेलं आहे की वाचताना मला आनंदच झाला. चकती पायाला लागून आत गेली तर गोल, पण पायानं ढकलून घातली तर नाही. काठी आडव्या दांड्याच्या वर उचलून मारली तर नाही. हातानं टोलवली तर नाही. जाळी जागची हलली असेल तर नाही. हे सगळं रेफ्री ठरवतो. पट्ट्यापट्ट्यांच्या शर्टातला माणूस, शिटी त्याची, शेवटचा शब्द त्याचा. कडेचे लाइन्समन कोण रेषेच्या पुढे आधी गेला ते पाहतात. आणि गोलच्या मागे एक जण बसतो. त्याला फक्त एकच प्रश्न असतो: चकती गोलरेषेच्या पूर्ण पलीकडे गेली का? अर्धी नाही, बरीचशी नाही. पूर्ण. गेली तर लाल दिवा लावायचा. नाही गेली तर काहीच करायचं नाही.

काहीच करायचं नाही, हे वाचून मी ते काम मागून घेतलं. मागितलं म्हणजे त्या ओळीवर बोट ठेवून सरांकडे पाहिलं. ते म्हणाले, “बस मंग.”

मला ते काम आवडायचं. ओरडायचं नाही, टाळी वाजवायची नाही, कुणाच्या बाजूनं व्हायचं नाही. पाहायचं. मला पाहता येतं. शाळेत कॉन्व्हेंटच्या बाकावर बसून मी वर्षानुवर्षं तेच केलं. घरी पोवारी, गल्लीत हिंदी, शाळेत इंग्रजी, आणि मराठी पुस्तकातून. चार भाषा येतात म्हणून लोक कौतुक करतात. त्यातल्या एकीतही मला ‘नाही’ म्हणता येत नव्हतं, हे कोणाला माहीत नव्हतं. मी नाही म्हणायच्या ऐवजी गप्प बसायची. बारावीनंतर बाबांनी विचारलं, “बी.एस्सी. करतेस नं?” मी गप्प बसले. मला वाटलं, कळलं असेल. बाबा आईला म्हणाले, “हो म्हणते.” आणि मी तीन वर्षं बेडूक आणि झुरळं कापली.

त्यामुळे लाल दिव्याची गोष्ट मला फार न्यायाची वाटायची. तिथं गप्प बसण्याचा अर्थ नियमातच लिहिलेला होता. मी बटण दाबलं नाही म्हणजे नाही. कोणी त्याचं ‘हो’ करू शकत नव्हतं.

त्या रविवारी सामना होता आमच्या क्लबचा आणि सौंदडच्या पोरांचा. जिंकेल तो संघ पुढे नागपूरला खेळायला जाणार. सौंदडची पोरं गावच्या सिमेंट रस्त्यावर खेळतात. ट्रॅक्टर आला की बाजूला होतात, गेला की परत सुरू. त्यांच्या काठ्यांना सायकलच्या ट्यूबा गुंडाळलेल्या होत्या. त्यांची गोलकीपर एक मुलगी होती, शाळेत शिकणारी, अंगानं किरकोळ. गोलकीपरचे पॅड तिच्यापेक्षा रुंद होते. ती आमच्या पोरांकडे बघत नव्हती, फक्त चकतीकडे बघत होती. आमच्याकडून धाकट्या शेठजींचा मुलगा खेळत होता. चांगला खेळतो, हे खरंच आहे. रेफ्री नागपूरहून बोलावलेले, दोन्हीकडच्यांना अनोळखी. शेवटच्या खेळीआधीच्या मध्यंतरात बरोबरी होती.

सर आणि शेठजी पोत्यांपलीकडे जे बोलले ते त्याच मध्यंतरात. त्याच्याही थोडं आधी मी सरांना गाठलं होतं. गोलरेषा सरकली होती. दोन्ही संघांचे गोलकीपर पॅड घासत पुढे यायचे, आणि दर वेळी ओला चुना थोडा पुढे ओढला जायचा. मागची कड पुसली गेली होती. पांढरा पट्टा आता दोन्ही खांबांना जोडत नव्हता, त्यांच्या पुढून जात होता, चार बोटं तरी. समोरून पाहणाऱ्याला ते कळणार नव्हतं. मी मागे बसलेली, मला खांबही दिसत होते आणि चुनाही.

“सर, लाइन सरकली आहे. परत मारावी लागेल.”

मी हे बोलले. अगदी हळू, पण बोलले. सर पाण्याची बाटली तोंडाला लावून उभे होते.

“दिसून राहिली नं अजून?”

“दिसते, पण–”

“मंग बस. चुना संपला.”

चुना संपला नव्हता. बादलीत तळाला होता, मी पाहिला होता. पण मी परत जाऊन बसले. आणि मग ते तोंडाबद्दलचं बोलणं ऐकलं.

शेवटच्या खेळीत सौंदडची ती मुलगी माझ्या बाजूच्या गोलमध्ये आली. तिची पाठ माझ्याकडे. शर्टावर नंबर शाईनं लिहिलेला, घामानं पसरलेला. खेळ संपत आला तेव्हा धाकटे शेठजी येऊन माझ्या शेजारी पोत्याला टेकून उभे राहिले. जाळीमागे कोणी उभं राहू नये असा नियम आहे. पण फरशी त्यांची, पोती त्यांची, बल्बही त्यांच्या मिलच्या गेटावरून आणलेला. मी काही म्हटलं नाही.

त्यांचा मुलगा डावीकडून आला. एकाला चुकवलं, काठी फरशीला टेकवून चकती ओढली आणि मारली. मुलगी गुडघ्यांवर पडली. चकती तिच्या पॅडखालून घसरत मागे आली, मंद, स्वतःभोवती फिरत, आणि थांबली. मी खुर्चीतून पुढे वाकले होते. पांढऱ्या पट्ट्याच्या पलीकडे आली होती, हे खरं. पण दोन खांबांच्या मधोमध, जिथं खरी रेषा होती आणि आता नुसतं सिमेंट होतं, तिथं ती पडली होती. रेषेवर. पूर्ण पलीकडे नाही. मग मुलीचा हातमोजा तिच्यावर आला आणि तिनं ती झाकली.

मी काहीच केलं नाही. नियमाप्रमाणे.

“अरे, अंदर है! चुने के पार है, दिखता नहीं क्या?” शेठजी म्हणाले. आणि माझ्या खांद्यावरून हात लांबवून त्यांनी बटण दाबलं. त्यांची अंगठी बटणाच्या प्लॅस्टिकवर टक्कन वाजली. वर लाल दिवा लागला.

हे सांगायला हवं की ते खोटं करत नव्हते. त्यांना चुना दिसत होता आणि चुन्याच्या पलीकडे चकती दिसत होती. वाकून पाहणाऱ्या कोणालाही तेच दिसलं असतं. त्यांची चूक ती नव्हती. त्यांना वाटलं, मुलीला कळलं नाही, घाबरली असेल, आपण मदत करू.

रेफ्रींनी दिवा पाहिला, शिटी वाजवली आणि हात गोलकडे केला. माइकवरच्या माणसानं नाव पुकारलं. आमची पोरं एकमेकांवर पडली. कोणीतरी चकती उचलून हवेत नाचवत नेली, म्हणजे दाखवायला काही उरलंच नाही. धान वाळवणाऱ्या बायाही थांबून बघू लागल्या.

मी उभी राहिले होते. कधी राहिले ते आठवत नाही.

सौंदडची मुलगी अजून गुडघ्यांवर होती. ती रेफ्रीकडे गेली नाही, तिनं काठी आपटली नाही. तिनं मान वळवून पिंजऱ्याच्या मुखवट्यातून माझ्याकडे पाहिलं.

“ताई, तुमी पाह्यलं नं?”

एवढंच. मग ती उठून आपले पॅड झटकू लागली. तिलाही वाटलं होतं की समोरच्यानं पाहिलंय, म्हणजे पुरे झालं. मला ते इतकं ओळखीचं वाटलं की राग आला. तिचा नाही.

नियम असा आहे की गोल दिल्यावरही रेफ्री मागे बसलेल्याला विचारू शकतो, पण मैदानाच्या मध्यावर चकती टाकून खेळ परत सुरू होईपर्यंतच. एकदा चकती पडली की झालं ते झालं. ते पान मी स्वतः पोरांना समजावून सांगितलं होतं. रेफ्री मध्याकडे निघाले होते.

मी उभी आहे हे सरांना दिसलं. ते सरकत आले, पोत्याला धरून थांबले.

“काय झालं?”

मी मान हलवली. माझं हे मान हलवणं सर लहानपणापासून ओळखतात. त्यांना लगेच कळलं. त्यांच्या चेहऱ्यावरचं हसू एकदम गेलं.

“मान नको हालवू. बस खाली. बत्ती लागली, गोल झाला.” मग शेठजींकडे एकदा पाहून आवाज खाली आणला. “फरशी त्यायची हाय, बाई. उद्या बसशीन कुठं? हे पोरं खेळतीन कुठं? आन् तू कायले मधात पडतेस, तू तं बोलतच नाहीस.”

सरांची भीती खरी होती, ती मला मान्य होती. पण ते बोलत असताना माझ्या डोक्यात दुसरंच चाललं होतं. इतकी वर्षं माझ्या गप्प बसण्याचं लोकांनी ‘हो’ केलं, त्यात माझाही हात होता असं मी समजत होते. हे बटण तर माझ्या हातात होतं. मी ते दाबलं नव्हतं. त्याच्याइतकं स्पष्ट ‘नाही’ मी आयुष्यात कधी म्हटलं नव्हतं. आणि कोणीतरी माझ्या खांद्यावरून हात घालून त्याचं ‘हो’ केलं. आता मी बसले, तर तो दिवा माझाच ठरणार होता. उद्या कोणी विचारलं तर सगळे म्हणतील, गोलमागे बसलेल्या पोरीनं लावला.

म्हणजे तोंड लागतंच.

पुढे काय झालं ते इथंच सांगून टाकते. रेफ्रींनी सुतळी मागवली. मिलमध्ये सुतळीला काय तोटा. दोन्ही खांबांच्या मागच्या कडांना ती ताणून धरली आणि चुना किती पुढे आला ते सगळ्यांना दिसलं. चकतीबद्दल माझा शब्द धरला आणि गोल रद्द झाला. सौंदडची पोरं त्यानंतरही हरली. जादा वेळेत आमच्याच एका पोरानं चकती खांबाला लावून आत घातली, पूर्ण आत, जाळीपर्यंत, आणि तो दिवा मी लावला. शेठजींनी त्या गोलला टाळी वाजवली नाही.

पुढच्या आठवड्यात निरोप आला की धान जास्त आलंय, पटांगण मोकळं नाही. ते अजून मोकळं झालेलं नाही. आता आम्ही आठवडी बाजाराच्या ओट्यासमोर खेळतो, बाजार नसेल त्या दिवशी, आधी भाजीचा कचरा झाडून. फरशी खडबडीत आहे, चाकं लवकर झिजतात. पोरांतले काही माझ्याशी नीट बोलत नाहीत. सर बरेच दिवस बोलत नव्हते. मग एका सकाळी चुन्याची बादली माझ्यासमोर ठेवली आणि म्हणाले, “रेषा तूच मार. नाही तं परत बोलशीन.” मी मारते. आणि प्रत्येक खेळीनंतर परत मारते, चुना असो नसो, विटेच्या तुकड्यानं का होईना. लोक म्हणतात, तुझ्यापायी पोरांचं मैदान गेलं. गेलं. मी त्याची माफी मागितलेली नाही आणि मागणार नाही. चुन्याच्या रेषेवर गोल मोजत आम्ही तिथं आणखी दहा वर्षं खेळलो असतो, तर ती हॉकी नसती, शेठजींच्या अंगणातला खेळ झाला असता.

पण त्या क्षणी हे काहीच घडलेलं नव्हतं. दोन पोत्यांमधून वाट होती, मी तिच्यातून मैदानात शिरले. पायात साध्या चपला, ज्या घालून आत यायला मीच पोरांना मनाई करायची. घोटलेल्या फरशीवर त्या फटफट वाजत होत्या. मागून सरांनी हाक मारली. माइकवरचा माणूस मधेच थांबला. रेफ्रींनी मध्यावर दोन्ही पोरांना समोरासमोर उभं केलं होतं, चकती त्यांच्या हातात होती, हात खाली यायला निघालेला. मला पाहून तो वरच थांबला.

“बोला मॅडम. काय झालं? बत्ती तर लागली होती ना?”

सगळे बघत होते. धान वाळवणाऱ्या बायाही. या वेळी शब्द पुस्तकाचे नव्हते, मला शोधावे लागले. आणि मग मी इतक्या मोठ्यानं बोलले की पटांगणाच्या त्या टोकाची कबुतरं धानावरून उडाली.

“बत्ती मी नाही लावली. गोलमागे मी बसले आहे, आणि मी सांगते. रेषा चुन्याची नसते, दोन खांबांची असते. चकती रेषेवर होती, पूर्ण आत नव्हती. गोल नाही.”